ढवळ्याचे मागचे पाय

ढवळ्या बैलाचे मागचे पाय यमुताईंचे होते. ही गोष्ट ठाऊक असलेली दोनच माणसं आता जिवंत होती. एक मनीषनगरचे दत्तोपंत आणि दुसरे उमरेडचे चंद्रभान. त्यातले दत्तोपंत गप्प होते आणि चंद्रभान साठ वर्षांपासून खोटं बोलत होते.

दत्तोपंत चौऱ्याऐंशी वर्षांचे. त्यांची सगळी नोकरी एका सरकारी कचेरीत आवक-जावकच्या टेबलावर गेली. आता मुलगा पुष्कर आणि सून अदिती यांच्यासोबत तिसऱ्या मजल्यावर राहत. यमुताई त्यांची बायको. त्यांना जाऊन अकरा महिने झाले होते.

लग्नाआधी पाच वर्षं यमुताई सिनेमात होत्या. नागपुरातल्या महाल भागातली मुलगी नाटकमंडळीबरोबर कोल्हापूरला गेली आणि तिथल्या स्टुडिओत राहिली. त्या काळी विनोदी सिनेमात आठ-आठ गाणी असत आणि दर गाण्यात नायिकेला एक मैत्रीण लागे. ती मैत्रीण म्हणजे यमुताई. नायक-नायिका होडीत बसून गाणार आणि वल्हं यमुताई मारणार. पहिलं कडवं संपलं की त्या पाण्यात पडणार, दुसरं कडवं होडी गोल गोल फिरत होणार. एका सिनेमात नायिकेला बघायला पाहुणे येतात, तेव्हा मैत्रिणीच्या तोंडात अख्खा रव्याचा लाडू असतो आणि नेमकं तेव्हाच तिला गायला सांगतात. ती गायली. लाडू न सांडता गायली. नऊ सिनेमांत यमुताई अकरा वेळा पडल्या, सहा वेळा बेशुद्ध झाल्या आणि एकदाही त्यांचं लग्न झालं नाही.

हे सगळं लोक विसरले. विसरले नाहीत ते फक्त ढवळ्याला.

एकसष्ट साली 'हौसाबाईचा ढवळ्या' नावाचा सिनेमा निघाला. त्यात एक बैल गाण्यावर नाचतो. आधी खरा बैल आणला होता. त्याने नायकाचा फेटा खाल्ला आणि पेटीवाल्याच्या अंगावर बसला. मग कापडाचा बैल शिवला. पुढच्या पायांत उमरेडचा चंद्रभान, वय वीस, जो नायक व्हायला घरून पळून आला होता. मागच्या पायांत त्याचा साळा, म्हणजे बायकोचा भाऊ, रुपराव. शूटिंगच्या दिवशी रुपरावाने सकाळी सात वाट्या मिसळ खाल्ली आणि बैलाच्या पोटात शिरल्या शिरल्या तिथेच झोपला. उठेना. दिग्दर्शक डोक्याला हात लावून बसला. तेव्हा अठरा वर्षांच्या यमूने पदर खोचला, रुपरावाला पाय धरून बाहेर ओढलं आणि आत शिरली.

त्यानंतर जे झालं ते अजून लोकांच्या फोनवर फिरतं. बैलाचा पुढचा भाग साधाच नाचतो. पण मागचा भाग! तो लाजतो. तो रुसतो. उजव्या खुराने डावी पोटरी खाजवतो आणि मग जणू आपण काही केलंच नाही अशी शेपटी हलवतो. पुढचा भाग डावीकडे निघाला की मागचा क्षणभर उजवीकडे जायचा विचार करतो. लोक हसून हसून खुर्चीवरून घसरायचे. मग घोडा आला, उंट आला, एकदा गाढवही आलं, आणि सगळ्यांच्या मागच्या पायांत यमूच होती. पण स्टुडिओच्या मालकाने बजावलं होतं की हे बाहेर सांगायचं नाही. एका कापडात बाप्या आणि बाई, लोक काय म्हणतील? म्हणून पाटीवर नाव लागलं रुपरावाचं. तो बाजूला घोरत असायचा.

दत्तोपंतांनी ढवळ्या लग्नाआधी चारदा पाहिला होता. यमूला बघायला गेले तेव्हा काहीतरी बोलायचं म्हणून ते म्हणाले, "मला सिनेमातलं फारसं कळत नाही. पण त्या बैलाच्या मागच्या पायांसारखा नट मी दुसरा पाहिला नाही."

यमूला पोह्यांचा ठसका लागला. पाणी दिलं, पाठ थोपटली, तरी थांबेना. मग तिने त्यांना गॅलरीत नेऊन खरं सांगितलं. दत्तोपंत तिच्या पायांकडे बघत राहिले. लग्न तिथेच ठरलं म्हणा ना.

पण त्याच गॅलरीत दत्तोपंत आणखी एक वाक्य बोलले. "हे मात्र आमच्या घरी सांगू नकोस. मैत्रीण ठीक आहे. पण बैलाचं मागचं... आई काय म्हणेल?"

यमू म्हणाली, "बरं." आणि नाही सांगितलं. रेडिओवर ढवळ्याचं गाणं लागलं की ती ओट्यापाशी उभ्या उभ्या उजव्या पायाने डावी पोटरी खाजवायची आणि पोळी लाटत राहायची. सासूबाई म्हणायच्या, सूनबाईला नायटा झाला की काय. त्र्याऐंशी साली सासूबाई गेल्या. तेव्हा दत्तोपंत म्हणाले, "आता सांग हवं तर."

यमुताई म्हणाल्या, "आता कोण विचारून राहिलं?"

खरंच कोणी विचारत नव्हतं. विचारलं ते आत्ता, या ऑगस्टमध्ये, अबोलीने.

अबोली सव्वीस वर्षांची मुलगी. जुन्या सिनेमात विदर्भातली कोणकोण माणसं होती, त्यांचं प्रदर्शन ती भरवत होती. यमुताईंचे फोटो मागायला आली आणि बोलता बोलता तिने लॅपटॉपवर एक फलक दाखवला. ढवळ्याचा भला मोठा फोटो आणि खाली दोन ओळी. पुढचे पाय: चंद्रभान. मागचे पाय: रुपराव.

"हे चूक आहे," दत्तोपंत म्हणाले.

"काय चूक आहे, आजोबा?"

"मागचे पाय आमच्या घरचे आहेत."

अबोलीने अदितीकडे पाहिलं. अदितीने चहाच्या कपाकडे पाहिलं. यमुताई गेल्यापासून बाबांचं बोलणं जरा भरकटतं हे घरात सगळ्यांना माहीत होतं. शोकसभेत दोन मिनिटं बोलायला उभे राहिले आणि चाळीस मिनिटं बोलले. त्यातली पंधरा मिनिटं यमुताईंवर आणि पंचवीस कन्हान नदीच्या पाणीपुरवठ्यावर. शेवटी पुष्करने माईक काढून घेतला.

दत्तोपंतांनी सगळं सांगितलं. मिसळीपासून गॅलरीपर्यंत. अबोलीने ऐकून घेतलं आणि विचारलं, "आजोबा, कागद आहे का काही?"

पस्तीस वर्षं दत्तोपंतांनी लोकांना हेच विचारलं होतं. कागद आहे का? सही आहे का? शिक्का?

"गाण्यात मैत्रीण दिसत नाही बघ," ते म्हणाले. "बाकी सगळ्या गाण्यांत आहे. ह्याच गाण्यात काहून नाही? कारण ती आत होती."

"त्या गाण्यात नायिकेचे वडीलपण नाहीत, आजोबा."

"थे बैलात कसे असतील? त्यांचं पोट केवढं होतं!"

"मला तुमचं खोटं वाटत नाही," अबोली म्हणाली. "पण चंद्रभान आजोबांनी मला स्वतः सांगितलं, रुपराव म्हणून. त्यांनी बदलून सांगितलं तर मी लगेच बदलते. सोमवारी फलक छापायला जातात. त्याच्या आत."

तो बुधवार होता.

त्याच दुपारी दत्तोपंतांनी चंद्रभानना फोन लावला. अबोलीने नंबर दिला होता आणि अदितीने फोन स्पीकरवर ठेवला होता, कारण बाबांना एका कानाने ऐकू येत नव्हतं आणि कोणत्या ते त्यांच्या लक्षात राहत नव्हतं.

"हॅलो, कोण बोलून राहिलं?"

"मी दत्तोपंत. नागपूरहून. यमूचा नवरा."

पलीकडे खाकरण्याचा आवाज आला. "यमुताई गेल्याचं समजलं जी. लय वाईट वाटलं. येणार होतो, पण गुडघे..."

"चंद्रभानजी, ढवळ्यात मागे कोण होतं?"

"रुपराव."

"चंद्रभानजी."

"रुपराव होता म्हनतो ना जी! माहा साळा! सख्खा साळा!"

मागून एका बाईचा आवाज आला. "कोनाचा फोन हाय जी?"

"काई नाई, पंचफुला! विमावाले हायेत!"

"विमावाले रुपरावले काहून विचारून राहिले? थो तर दहा वर्सं झाले मेला!"

"तेच सांगून राहिलो त्याइले!" आणि फोन बंद झाला.

अदितीने सासऱ्यांकडे पाहिलं. पहिल्यांदाच तिला वाटलं की बाबा भरकटलेले नसावेत. "बाबा, हे आजोबा बायकोला भिऊन राहिले."

"साठ वर्षं झाली," दत्तोपंत म्हणाले, "आता काय भ्यायचं?"

"तुम्ही नव्हते का भीत?"

दत्तोपंतांचा हात आपोआप डाव्या कुशीकडे गेला. कमरेच्या वर, चार बोटांवर. तिथली कातडी जरा जाडच झाली होती.

त्याचं असं आहे. कापडी बैलात पुढच्या माणसाला मानेच्या भोकातून दिसतं, मागच्याला काहीच दिसत नाही. म्हणून खुणा पुढच्याने करायच्या असतात. पण चंद्रभानला ताल म्हणून नव्हता. यमूला होता. ती वाकून त्याची कंबर धरायची आणि गाणं ऐकून चिमटे काढायची. एक चिमटा म्हणजे थांब. दोन म्हणजे खाली बस. तीन म्हणजे वळ आणि चल. आणि चिमटा घेऊन पिळला तर त्याचा अर्थ चुकलास, माझ्या पायावर पाय दिलास, माकडा.

सिनेमा सुटला, चिमटे सुटले नाहीत. अठ्ठावन्न वर्षं ते दत्तोपंतांनी खाल्ले. लग्नाच्या पंगतीत ते साहेबांशी वाद घालू लागले की एक चिमटा. हळदीकुंकवाला आलेल्या बायकांसमोर उगाच उभे राहिले की दोन. पाहुण्यांकडे बसून कंटाळा आला की तीन, आणि दत्तोपंत लगेच, "चला, निघतो आम्ही." पिळलेला चिमटा फारसा सांगण्यासारखा नाही. शोकसभेत ते चाळीस मिनिटं बोलले याचं कारण एवढंच होतं. थांब म्हणणारं मागे कोणी नव्हतं.

शनिवारी तान्हा पोळा होता. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी लहान मुलं लाकडी बैल सजवून, दोरीने ओढत आणतात, त्यांना बक्षीस, खाऊ वगैरे देतात. यंदा वसाहतीचा सेक्रेटरी उन्मेष याने अबोलीच्या ओळखीने खुद्द चंद्रभानना पाहुणे म्हणून बोलावलं होतं. ते दरवर्षी कुठे ना कुठे ढवळ्या होऊन जात. बैल त्यांनीच पुन्हा शिवून घेतला होता. मागच्या पायांत मुलगा ऋषिकेश असायचा, पण ऋषिकेशचंही वय पन्नास, आणि त्याच आठवड्यात त्याच्या मणक्यात उसण भरली.

"म्हणजे यंदा नुसतं तोंडच लावून उभे राहतील," उन्मेष पायऱ्यांवर अदितीला सांगत होता.

"मागे मी राहतो," वरून आवाज आला.

"बाबा!"

"काय बाबा? वाकून उभं राहायचं आहे. मी तसाही वाकलेलोच आहे."

शनिवारी चार वाजता मैदानात मांडव भरला. शंभरेक लाकडी बैल, कुणाच्या शिंगाला फुगे, कुणाच्या पाठीवर मोबाइलचे दिवे. एका बैलाला चष्मा लावला होता. पहिल्या रांगेत पंचफुलाबाई बसल्या होत्या, ऐंशीच्या घरात, नऊवारी, हातात जिलबीची पुडी. त्यांच्या शेजारी अबोली.

मांडवाच्या मागे दोन म्हातारे पहिल्यांदा समोरासमोर आले. चंद्रभान बारीक, उंच, डोक्याला तेल चोपडलेलं. उन्मेष त्यांच्या कॉलरला छोटा माईक लावत होता.

"हा कायले?" चंद्रभान म्हणाले.

"तुम्ही हम्मा करता ना आजोबा. मागच्यांना ऐकू जायला पाहिजे."

उन्मेष गेला. चंद्रभानने माईकवर हात ठेवला आणि हळूच म्हणाले, "पंत, मले माफ करा जी. पन तिले मी तवा सांगून बसलो का मागं तिचा भाऊच हाय. आता कसं फिरवू? ती पाह्यली का तुमी?"

"पाहिली."

"मंग?"

"मग काही नाही. चला, शिरा आत."

आत शिरल्यावर दत्तोपंतांना पहिल्यांदा कळलं की बैलाच्या पोटात काय असतं. काहीच नसतं. अंधार, डांबरगोळ्यांचा वास, खोबरेल तेलाचा वास आणि नाकासमोर दुसऱ्याचं धोतर. वाकल्यावर पोट गुडघ्यांना लागत होतं. शेपटीची दोरी उजव्या हातात. बाहेर शंभर माणसं होती की हजार, काही समजत नव्हतं. इथे ही पोरगी पाच वर्षं राहिली, आणि इथूनच तिने अख्ख्या महाराष्ट्राला हसवलं, तोंड न दाखवता. त्यांना एकदम रडू येईलसं झालं. पण वाकलेल्या माणसाचं पाणी नाकात जातं, तेव्हा रडण्याऐवजी त्यांना तीन शिंका आल्या. बैल मागून शिंकला म्हणून मुलं खिदळली.

गाणं सुरू झालं.

चंद्रभान निघाले. दोन पावलं इकडे, दोन तिकडे, तालाशी काही संबंध नाही. दत्तोपंत मागून फरफटत होते. त्यांनाही ताल फार होता असं नाही, पण हे गाणं त्यांनी अठ्ठावन्न वर्षं स्वयंपाकघराच्या दारातून पाहिलं होतं. पहिलं कडवं संपत आलं. इथे ती थांबायची. लाटणं हातात धरून थांबायची.

दत्तोपंतांनी धोतराच्या वर, डाव्या कुशीत, एक चिमटा घेतला.

चंद्रभान जागच्या जागी थांबले. एक पाय हवेत. मुलांनी टाळ्या वाजवल्या.

दोन चिमटे. चंद्रभान मटकन खाली बसले. गुडघ्यांचा आवाज माईकमधून सगळ्या मनीषनगराने ऐकला. दत्तोपंतांनी उजव्या पायाने डावी पोटरी खाजवली, जमेल तशी, आणि दोरी ओढून शेपटी हलवली. मांडवात हसण्याचा जो फवारा उडाला तो आत कापडातूनही अंगावर आला.

तीन चिमटे. चंद्रभान उठले, वळले आणि सुटले. ते कुठे सुटले हे मागच्याला कसं दिसणार? ते बक्षिसांच्या टेबलाकडे सुटले होते. टेबल आडवं झालं. डबे घरंगळले. चष्मेवाला लाकडी बैल पायाखाली आला, चंद्रभान त्यावरून तिरपे गेले आणि मागे येताना आपली टाच नेमकी दत्तोपंतांच्या अंगठ्यावर ठेवली.

दत्तोपंतांचा हात आपल्या आपण गेला. चिमटा घेतला आणि पिळला.

"चुकलं यमे, चुकलं! पाय काढतो ना वं, सोड!"

हे माईकमधून गेलं. मैदानभर गेलं. गाणं संपलं होतं, त्यामुळे फारच स्पष्ट गेलं.

बैल उभा राहिला.

"पंत," चंद्रभान कुजबुजले, आणि तेही माईकमधूनच गेलं. "हे चिमटे तुमाले कोनं शिकवले?"

"शिकवले नाही. खाल्ले."

"माह्यापेक्षा जास्त?"

"तुम्ही पाच वर्षं. मी अठ्ठावन्न."

"अरे बाप्पा," चंद्रभान म्हणाले. "मी आपला हळहळत होतो का माह्यी कुस अजून दुखते म्हनून."

कापड वर झालं. बाहेर उजेड होता आणि उजेडात पंचफुलाबाई उभ्या होत्या. चंद्रभान बैलाचं तोंड काढायला तयार नव्हते. पंचफुलाबाईंनी ते शिंगं धरून काढलं.

"यमी कोन वं?" पंचफुलाबाई म्हणाल्या. अबोलीला म्हणाल्या की नवऱ्याला, ते कळलं नाही.

"पंचफुला, तसं काई नवतं. ती मागं होती आन् मी पुढं होतो. आमी एकमेकाचं तोंडबी पाहत नवतो. मंदात ढवळ्या होता."

"आन् माहा भाऊ कुठं होता?"

चंद्रभानने खाली पाहिलं. "झोपला होता."

"पाच वर्सं?"

"हो."

सगळा मांडव वाट पाहत होता. पंचफुलाबाईंनी जिलबीचा एक तुकडा तोंडात टाकला, चावला, गिळला.

"मले वाटलंच होतं," त्या म्हणाल्या. "रुपरावले त्याच्या लग्नात दोन मानसांनी धरून सात फेरे मारून घेतले, तवा कुठं लगन झालं. थो काय लाजत नाचते! मी पयल्या दिवशी टाकीजमंदी पाह्यलं आन् मनाशी म्हनलं, हे बाईमानूस हाय. बाप्या मानसाले असं रुसता येत नाई."

"मंग साठ वर्सं बोलली काहून नाई वं?" चंद्रभान ओरडले.

"तुमी कवा खरं सांगता ते पाहून राहिली होती. हळदीकुंकवाले मले सगळ्या मान देत ना, ढवळ्याच्या मागच्या पायाची बहीन म्हनून. आता थो मानबी गेला." मग त्या दत्तोपंतांकडे वळल्या. दत्तोपंत अजून वाकलेलेच होते, कारण सरळ होता येत नव्हतं. "तुमी तिचे मालक का?"

"हो."

"लय नाचायची तुमची बाई."

अकरा महिन्यांत पुष्कळ लोक दत्तोपंतांना पुष्कळ बोलले होते. देवमाणूस होती, सुटली बिचारी, वय झालंच होतं. हे कोणी म्हणालं नव्हतं. त्यांनी मान हलवली. मग अदिती आणि उन्मेषने त्यांना दोन्हीकडून धरून हळूहळू सरळ केलं.

अबोलीने तिथेच, सांडलेल्या डब्यांमध्ये बसून, लॅपटॉप उघडला. "मागचे पाय: यमुताई," ती लिहिता लिहिता म्हणाली. "बरोबर, आजोबा?"

"बरोबर."

"माह्या भावाचं नाव खोडू नोको हो पोरी," पंचफुलाबाई म्हणाल्या.

"पण आजी, त्यांनी केलं काय म्हणून लिहू?"

"जे केलं थेच लिही. झोपला होता म्हनून लिही. थो झोपला नसता तर हिले कोनं मंदात घेतलं असतं?"

चष्मेवाल्या बैलाला उन्मेषने पहिलं बक्षीस दिलं. त्याचा एक पाय मोडला होता म्हणून.

पंधरा दिवसांनी प्रदर्शन उघडलं. ढवळ्याचा फोटो भिंतभर मोठा होता. खाली तीन ओळी होत्या. पुढचे पाय: चंद्रभान. मागचे पाय: यमुताई. झोपलेले: रुपराव. लोक पहिल्या दोन ओळी वाचून पुढे जात, तिसरी वाचून परत येत आणि मग मधली पुन्हा वाचत. अबोली म्हणाली, सगळ्या प्रदर्शनात ह्याच फलकासमोर गर्दी होते.

त्या दिवशी दत्तोपंतांना दोन मिनिटं बोलायला सांगितलं होतं. पुष्कर माईकजवळ तयारीने उभा होता. दत्तोपंतांनी मिसळीपासून सुरुवात केली. चांगलं बोलत होते. लोक हसत होते. गॅलरीतलं वाक्य त्यांनी सगळ्यांसमोर सांगितलं, आई काय म्हणेल वगैरे, आणि म्हणाले, "ते मी बोलायला नको होतं." तिथे क्षणभर थांबले. थांबून बसायला हवं होतं. पण त्यांना वाटलं, कोल्हापूरच्या स्टुडिओतल्या पाण्याचंही सांगावं, म्हणजे होडीचं गाणं समजेल, आणि पाण्यावरून आठवलं की आपल्याकडे कन्हानहून जी जुनी पाइपलाइन...

डाव्या कुशीत, कमरेच्या वर चार बोटांवर, एक चिमटा बसला.

दत्तोपंत शब्दाच्या मध्येच थांबले. मागे चंद्रभान उभे होते, समोर बघत, जणू आपण काही केलंच नाही.

मग दोन बसले. दत्तोपंत खुर्चीत बसले. टाळ्या झाल्या, चहा आला, लोक फलक पाहायला उठले. चंद्रभान पंचफुलाबाईंसोबत उमरेडची बस पकडायला निघून गेले.

तीन चिमटे काही आले नाहीत. म्हणून दत्तोपंत पुष्कळ वेळ तिथेच, ढवळ्याच्या मागच्या पायांजवळ, बसून राहिले.